नंबर लावायचा, कान लावायचा न्हाय

गौराक्काच्या डाव्या हाताला अंगठा आणि करंगळी एवढंच उरलं होतं. मधली तीन बोटं गुऱ्हाळात उसाबरोबर चरकात गेली. त्या बोटांवर तिला अपंगांच्या कोट्यातून एसटीडीचा बूथ मिळाला. "तीन बोटं दिली आन एक फोन घेतला. सौदा वाईट न्हाय," असं ती म्हणायची, आणि हसायची नाही. समोरच्याला हसावं की नाही ते कळायचं नाही.

तिचं गाव कानडी मुलखाला लागून, नेसरीकडचं. घर लिंगायताचं. गळ्यात लिंग, कपाळाला विभूतीच्या तीन आडव्या रेघा. गेलेली तीन बोटं गौराक्कानं कपाळावर ठेवलीत, अशी गल्लीत चेष्टा चालायची. नवरा लवकर गेला, मूलबाळ नाही. तिकडच्या बायका बोलतात तशी ती बाई असून "मी येतो, मी जातो" म्हणायची. मला तंगी म्हणायची. तंगी म्हणजे कानडीत धाकटी बहीण. मी तिच्याहून दोनच वर्षांनी धाकटी, पण तिनं एकदा म्हटलं ते म्हटलं.

शाहूपुरीत माझं मिरची कांडपाचं यंत्र होतं. नव्वद सालानंतर कधीतरी शेजारच्या गाळ्यात तिचा बूथ आला. भिंतीला भिंत. पहिल्याच आठवड्यात आमचं भांडण झालं. मिरचीचा खाट, म्हणजे तिखट धुरळा, उडायचा आणि बूथमध्ये बोलणारा माणूस ठसकायचा. ती दारात येऊन उभी राहिली.

"तंगी, तुझं यंत्र बंद कर. पावणं पुण्याला लेकीसंगट बोलालाय. लेकीला वाटालंय, बाप रडालाय."

मी म्हटलं, "मग त्येला सांग, दार लावून बोल म्हणून."

"दार लावल्यावर पंखा मिरचीच आत वडतोय."

पुढं तिनंच ह्यावर उपाय काढला, आणि तो माझ्या कांडपाचा उपयोग करून काढला. बूथच्या बाहेर बाकडं होतं. त्यावर बसलेली माणसं आतल्याचं बोलणं ऐकत बसायची. काच पातळ, आणि लांबच्या फोनवर माणूस ओरडून बोलतो. कुणाची बायको माहेरी गेली, कुणाच्या पोराला नोकरी नाही, सगळं बाकड्यावर कळायचं. गौराक्काला ते खपेना. आत कुणी रडवेलं झालं, कुणी हळू बोलायला लागलं, की ती भिंतीवर दोन ठोके मारायची. ठोके ऐकले की मी कांडप लावायचं. मिरची असो नसो. मुसळं धडाधड आपटायला लागली की बाकड्यावर काही ऐकू यायचं नाही. बूथचं दार लावून, रिसिव्हर कानाला दाबून धरला की आतल्याचं भागायचं.

मी एकदा म्हटलं, "रिकामं आपटून माझं लोखंड झिजालंय."

ती म्हणाली, "लोखंड झिजू दे. माणसाची अब्रू झिजाय नको."

तिचे नियम पुष्कळ होते. तिची खुर्ची रस्त्याकडं तोंड करून होती, बूथकडं पाठ. येणाऱ्याचं तोंड बघायचं नाही, नाव विचारायचं नाही. फोनच्या मीटरवर लाल आकड्यांत नंबर उमटायचा. त्यावर तिनं इरकली खणाचा एक तुकडा टाचून टाकला होता. किती पैसे झाले तेवढाच कोपरा उघडा. बोलणं संपलं की मीटरमधून चिठ्ठी यायची, तीवर नंबर आणि वेळ छापलेली असायची. ती चिठ्ठी न बघता फाडायची, घडी घालायची आणि पाठीमागं हात करून द्यायची. कुणी विचारलं, "आक्का, एवढं कशाला?" तर एकच उत्तर, "माझं काम नंबर लावायचं. कान लावायचं न्हाय."

निरोपाची वही हा तिचा आणखी एक प्रकार. तेव्हा घरोघरी फोन नव्हते. बाहेरगावची माणसं बूथवर फोन करून निरोप ठेवायची. गौराक्का वहीत नाव लिहायची नाही, चित्र काढायची. प्रत्येक गिऱ्हाइकाचं एक चित्र, आणि ते त्याला आणि तिलाच ठाऊक. कुणाचा कंगवा, कुणाची छत्री. माझी मिरची होती. मी म्हटलं, "मिरची कुणाची हे आंधळासुद्धा सांगंल." ती म्हणाली, "तुझ्याकडं लपवण्यासारखं हाय तरी काय?" निरोप ज्याचा त्याच्याच हातात. शेजाऱ्याकडं द्यायचा नाही, घरी जाऊन सांगायचा नाही. माणूस आला, निरोप मिळाला, की ते पान फाडून शेगडीत टाकायची. त्यामुळं तिची वही कधी भरलीच नाही, बारीक होत गेली.

गल्लीतला एक मोठा व्यापारी एकदा पेढ्याचा पुडा घेऊन आला. बायको दुपारी कुणाशी बोलते, एवढंच त्याला हवं होतं. गौराक्कानं पुडा बाकड्यावर ठेवायला लावला, बसलेल्यांना एक-एक पेढा वाटला, आणि रस्त्याकडं बघतच म्हणाली, "मालक, तुमच्याबद्दल बी कोण तरी इचारत हुतं. सांगू काय त्यास्नी?"

मालक गेला तो पुन्हा त्या बाजूनं आला नाही. त्याच्याबद्दल कुणी विचारलं नव्हतं. मी नंतर विचारलं तर म्हणाली, "परत्येकाचं काय तरी असतंय की."

आता लताचं सांगते.

आमच्या गल्लीत चार घरं सोडून दत्तोबाचं घर. बायको शेवंताबाई, पोरगा अजित, पोरगी लता. लता टायपिंगच्या क्लासला जायची. तिथं तिची एका पोराशी ओळख झाली आणि दोघांनी लग्न केलं. पोरगा बौद्ध समाजाचा, शिकलेला, स्वभावानं शांत. दत्तोबाचं घर आमच्याच जातीचं, म्हणून मला सांगायचा हक्क आहे. आमच्यात ह्या गोष्टीला माफी नव्हती. दत्तोबानं गल्लीत उभं राहून सांगितलं, "सापडली की तुकडं करीन." लोकांनी त्याला पाणी दिलं, समजूत काढली. तू असं बोलू नकोस, असं मात्र कुणी म्हटलं नाही. मीसुद्धा नाही.

दोघं कुठं गेली हे शेवंताबाईला सोडून कुणाला ठाऊक नव्हतं. ती दर आयतवारी संध्याकाळी किटली घेऊन घराबाहेर पडायची. पलीकडच्या चौकात म्हशी उभ्या करून गिऱ्हाइकासमोर धार काढायचे, तिथं दुधाला जाते म्हणून. जाताना बूथवर थांबायची. दहा मिनिटं. पुढं उशीर झाला तर म्हशीनं लाथ मारली, गवळी उशिरा आला, असं घरी सांगायची.

फोन लागायचा हुबळीला, एका शिलाईच्या दुकानात. लता तिथं कामाला होती. फोन उचलणारा मास्तर कानडी. शेवंताबाईला कानडीचं अक्षर येत नव्हतं. तिनं गौराक्काला म्हटलं, "तुमीच बोला की पयलं."

गौराक्कानं खुर्चीवरून मान वळवली नाही. "मी बोललो तर मला नाव कळंल. तू एक शबुद शिक. करीरी. म्हंजे बोलवा. त्येच्या पुढं नाव तुझं तू आत जाऊन लाव. मला सांगू नको."

शेवंताबाई बाकड्यावर बसून 'करीरी, करीरी' घोकायची. पन्नाशीची बाई, पोरगीशी बोलण्यासाठी एक शब्द पाठ करायची. मग आत जायची आणि भिंतीवर दोन ठोके पडायचे. मायलेकी काय बोलल्या ते मी कधी ऐकलं नाही. माझीच मुसळं आपटत असायची. वहीत शेवंताबाईची खूण किटली होती.

दत्तोबाला वास आलाच. एक दिवस तो बूथवर आला आणि माझी बायको इथनं कुणाला फोन करत्ये, म्हणून ओरडायला लागला. गौराक्का म्हणाली, "मी कुणाचं कुणाला सांगत न्हाय." त्यानं वही हिसकावून घेतली. आत कंगवा, छत्री, किटली, बत्ता. त्यानं पानं उलटीसुलटी केली. "हे काय बालवाडीचं पुस्तक हाय व्हय?" वही फेकली, जाताना दाराच्या काचेवर वीट घातली. गौराक्का काचा वेचत म्हणाली, "काच गेली ती गेली. आत काय सापडलं न्हाय त्येला."

दुसऱ्या दिवशी तिनं नवी काच बसवली, आधीपेक्षा जाड.

मला वाटलं, आता काळजी नाही. तिलाही तसंच वाटलं असणार.

अजित मिरजेकडं कुठल्या कारखान्यात होता, महिन्या-दोन महिन्यांनी घरी यायचा. पोरगा गोड बोलणारा. गौराक्कानं त्याला कधी पाहिलं नव्हतं, आणि पाहिलं असतं तरी तिची पाठ होती. एका आयतवारी तो माझ्याकडं दोन किलो मिरच्या घेऊन आला, कारखान्यावर चटणी न्यायला. पिशवी ठेवली आणि हसत म्हणाला, "मावशी, आई आल्ती काय इकडं?"

मी म्हटलं, "आत्ता गेली की फोन करून."

एवढंच. कुणी धमकावलं नाही, कुणी पेढे दिले नाहीत. त्यानं विचारलं, मी सांगितलं. लता घरातून गेलेली, शेवंताबाई चोरून फोन करते, सगळं मला ठाऊक होतं. तोंडातून गेलं. मी लहानपणापासून अशीच, पोटात काही राहत नाही.

तो म्हणाला, "मिरच्या कुटा, मी आलोच." तो शेजारी गेला. "काकी, एक फोन करायचा हुता." गौराक्कानं पाठीमागं हात केला, म्हणजे जा आत. तो आत गेला आणि दोन मिनिटांत बाहेर आला. तिनं चिठ्ठी फाडली, घडी घातली, न बघता पाठीमागं दिली. स्वतःच्या हातानं, त्या अंगठ्या-करंगळीच्या चिमटीत धरून.

चटणी न घेताच तो गेला.

अर्ध्या तासानं मी शेगडीवर हात शेकत गौराक्काजवळ बसले होते. बूथवर फोन आला. मला एकच बाजू ऐकू येत होती.

"व्हय. बोल... ते मी सांगत न्हाय, बाळ... न्हाय. कोण आलतं, कोण गेलं, कुणाचं कुणाला सांगत न्हाय. तुझं बी कुणाला सांगत न्हाय, तसंच... रडू नको. निरोप काय हाय ते सांग."

तिनं वही घेतली आणि किटली काढली. खाली बारीक अक्षरांत काहीतरी लिहिलं. ती किटली मी पाहिली. किटली कुणाची तेही मला समजलं. त्या घडीला मला सगळं जोडता आलं असतं. मी उठले, अजितची चटणी डब्यात भरली आणि घरी जाऊन भाकरी टाकल्या.

पोरगीनं काय विचारलं होतं ते पुढं गौराक्कानंच कोर्टात सांगितलं. आईचा फोन ठेवल्यावर लगेच दुसरा फोन आला होता, कुणीतरी दुकानाचा पत्ता विचारून घेतला होता. लतानं विचारलं, "माझ्या आईच्या मागनं तुमच्याकडं कोण आलतं? बाप्या हुता काय?" एवढं जरी कळलं असतं तरी दोघांनी त्याच रात्री हुबळी सोडली असती. गौराक्कानं सांगितलं नाही. तो तिचा नियम होता. आयुष्यात तिनं तो कुणासाठी मोडला नव्हता, आणि त्या दिवशीही मोडला नाही.

चार दिवसांनी, बेस्तरवारी, दत्तोबा, अजित आणि दोघं पावणे गाडी घेऊन हुबळीला गेले. नवऱ्याला दुकानासमोर एवढा मारला की तो पुन्हा धड चालला नाही. लताला गाडीत घालून आणली. चौथ्या दिवशी स्टोव्हचा भडका उडून ती गेली, असं घरच्यांनी सांगितलं. त्या घरात सहा वर्षं गॅस होता.

पोलीस आले ते लताच्या नवऱ्यानं तक्रार केली म्हणून. ते बूथवर आले. टेलिफोन खात्यातून त्यांनी यादी आणली होती. हुबळीच्या त्या नंबराला ह्या बूथवरून एकामागं एक दोन फोन. मध्ये सहा मिनिटं.

गौराक्का म्हणाली, "दुसरा फोन कसा लागंल? नंबर बाईलाच ठाऊक. ती कागुद बी ठेवत न्हवती, पाठ केल्ता तिनं."

हवालदार म्हणाला, "अहो बाई, रिडायल दाबला असंल."

"म्हंजे काय?"

हवालदारानं आत जाऊन बटण दाखवलं. इंग्रजी अक्षरं होती. गौराक्का आत गेली, मी गाळ्यात नुकताच फोन घेतला होता, त्याचा नंबर लावला, ठेवला. मग ते एक बटण दाबलं. भिंतीपलीकडं माझ्या गाळ्यात फोन वाजला. तिनं मीटरवरच्या खणाचं टोक उचललं. खाली माझा नंबर लाल आकड्यांत उभा होता. इतकी वर्षं तिनं तो खण उचलला नव्हता. हवालदार म्हणाला, "बाई, बसा." ती बसली नाही.

कोर्टात ती उभी राहिली आणि पहिल्यांदा तिनं कुणाचं तरी कुणाला तरी सांगितलं. बाईनंतर एक गडी आला, आत गेला, दोन मिनिटांत बाहेर आला, मी त्याला चिठ्ठी दिली. सगळं सरळ सांगितलं. त्यांच्या वकिलानं विचारलं, "तुम्ही गिऱ्हाइकाचं नाव विचारता?"

"न्हाय."

"नंबर बघता?"

"न्हाय."

"तोंड?"

"न्हाय."

"मग हाच तो, हे कशावरून सांगता?"

तिनं माझ्याकडं पाहिलं. मी पुढची साक्षीदार होते.

माझ्या लेकीचं लग्न तेव्हा दत्तोबाच्या भावकीत ठरत होतं. मला गल्लीत राहायचं होतं. मला विचारलं, त्या संध्याकाळी अजित तुमच्याकडं आला होता का, शेजारी बूथवर गेला का. मी म्हटलं, "कांडप चालू हुतं. मला काय ऐकू आलं न्हाय, काय दिसलं न्हाय."

जी जीभ नको तेव्हा सुटली, ती पाहिजे तेव्हा सुटली नाही. ह्यावर मला आणखी काही बोलायचं नाही.

सगळे सुटले. कोर्टाबाहेर मला वाटलं, गौराक्का आता शिव्या घालेल. तिनं घालायला पाहिजे होत्या. ती म्हणाली, "तंगी, चल. बस चुकंल." बसमध्ये शेजारी बसली. दोन शेंगा सोलून माझ्या हातावर ठेवल्या. त्या दिवसापासून भिंतीवर ठोके मात्र कधी पडले नाहीत.

तिनं खुर्ची फिरवली. आता ती बूथकडं तोंड करून बसायची आणि येणाऱ्याकडं असं रोखून बघायची की कित्येक माणसं फोन न करता परत जायची. नंबरावरचा खण तिनं काढला नाही. आणि एक नवी सवय लागली. गिऱ्हाईक बाहेर आलं की ती आत जायची, रिसिव्हर उचलायची आणि वेळ सांगणारा नंबर लावायची. आतून एक बाई किती वाजले ते सांगायची. ते ऐकून फोन ठेवायची, मग पुढच्याला सोडायची. आता कुणी ते बटण दाबलं असतं तर त्याला नुसते किती वाजले ते कळलं असतं. प्रत्येक गिऱ्हाइकामागं, दिवसातून पन्नास वेळा. लोक हसायचे. "गौराक्का, एक घड्याळ घे की गं!" बाकड्यावर तिला घड्याळवाली म्हणायला लागले. तिनं कुणाला कारण सांगितलं नाही. मला ठाऊक होतं, मी पण सांगितलं नाही.

परवा नात तिच्या फोनवर मला दाखवत होती. आज्जी, ह्यातल्या मेसेजला कुलूप असतं. पाठवणारा आणि घेणारा, दोघांनाच कळतं. कंपनीलासुद्धा वाचता येत नाही. मी विचारलं, "कुणी कुणाला केला, किती वाजता केला, ते?" ती म्हणाली, "ते कळत असंल बहुतेक. पण त्यात काय एवढं, आज्जी? बोललेलं तर कळत न्हाय ना." शेवंताबाई आणि लता काय बोलल्या ते आजपर्यंत कुणाला ठाऊक नाही. बोलणं कुणी ऐकलंच नव्हतं. नंबर तेवढा कळला.

मोबाईल आले, तसा बूथ ओस पडला. बाकड्यावर कुत्री झोपायला लागली. गौराक्का साठी ओलांडून गेली होती, डोळे अधू झाले होते. एक दिवस म्हणाली, "मी जातो आता नेसरीला. भाच्याकडं." टेम्पो बोलावला. सामान काय, एक ट्रंक, खुर्ची, शेगडी. मी मदतीला गेले. तिनं ट्रंकेतून निरोपाची वही काढून माझ्या हातात दिली. पुठ्ठ्यांच्या मध्ये एकच पान उरलं होतं. वर किटली, खाली तिचं बारीक अक्षर. 'ह्या नंबरवर करू नको. आम्ही शनवारी दुसरीकडं जातोय. मी बरी हाय.'

शनवार उजाडायच्या आधी बेस्तरवार आला होता. शेवंताबाई त्यानंतर कधी बूथवर आली नाही, आणि निरोप घरी जाऊन द्यायचा नाही हा गौराक्काचा नियम.

"तू दे," गौराक्का म्हणाली. "तुला घर ठाऊक हाय."

तिच्या आवाजात राग नव्हता. असता तर बरं झालं असतं.

शेवंताबाई अजून त्याच घरात आहे. अजितच्या बायकोच्या हातचं खाते. मी तिला रोज बघते. ते पान माझ्या मिरचीच्या डब्यात आहे, लाल झालं आहे.

टेम्पोवाला हॉर्न मारत होता. गौराक्का दारापर्यंत गेली आणि परत फिरली. बूथमध्ये शिरली, दार लावलं. वीज आधीच तोडली होती, पंखा फिरला नाही. फोनची तारसुद्धा लाइनमन सकाळीच तोडून घेऊन गेला होता. तिनं रिसिव्हर उचलला, करंगळीनं एकेक आकडा दाबला आणि किती वाजले ते ऐकायला लागतो तेवढा वेळ कानाला लावून उभी राहिली.